मेघवखार : वाढीव साठवणजागा विकत घेताना येणाऱ्या अडचणी व त्यांची उकल

साठवण ह्या विषयावर भिवंडीकरांस बाहेरच्या कोणी येऊन काही शिकवावे, अशी स्थिती नाही. काल्हेर, कशेळी, पूर्णा, राहनाळ, वळ, दापोडा, माणकोली ह्या गावांची भातखाचरे पाहता पाहता गोडाऊनांच्या पत्र्यांखाली गेली. मुंबईच्या जकातनाक्याबाहेर, पण मुंबईच्या हाताशी आणि नाशिकच्या महामार्गाला लागून अशी ही जागा व्यापाऱ्यांच्या सोयीची ठरली. १ जुलै २०१७ रोजी वस्तू व सेवा कर आला, मुंबईची जकात संपली. गोडाऊने मात्र हलली नाहीत. उलट घरपोच माल पोहोचविणाऱ्या कंपन्यांनी ती अधिकच वाढविली. तेव्हा माल कोणाच्या नावावर ठेवला, भाडे कोठवर भरले, आणि भाडे थकले तर मालाचे काय होते, हे तीन प्रश्न येथील गोडाऊनच्या साध्या मुनीमालाही पाठ असतात.

नवल एवढेच, की हाच मनुष्य मोबाईलवर ‘जागा संपली, जागा विकत घ्या’ अशी सूचना आली की तिन्ही प्रश्न विसरतो आणि दिसेल ते बटण दाबतो. पुढे पैसे जातात, जागा येत नाही. किंवा जागा येते, पण ती भलत्याच्याच नावावर. ह्या नव्या वखारीचा व्यवहार कसा चालतो, तो कोठे अडतो व अडल्यास काय करावे, ह्याचा थोडा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

ह्या वखारीला इंग्रजीत ‘क्लाउड’ म्हणजे मेघ म्हणतात. नाव काव्यमय आहे. पण त्यामुळे गैरसमजच फार झाला. आकाशात काहीही नाही. जे आहे ते जमिनीवरच आहे : प्रचंड इमारती, त्यांत रांगेने मांडलेली यंत्रे, त्यांना थंड ठेवणारी वातानुकूलने आणि अखंड वीज. मायक्रोसॉफ्टने २०१५ साली पुणे, मुंबई व चेन्नई येथे, ॲमेझॉनने २०१६ साली व गूगलने २०१७ साली मुंबई परिसरात अशी केंद्रे सुरू केली. ती प्रामुख्याने व्यवसायांसाठी आहेत, आणि आपल्या खात्यातील छायाचित्र नेमके कोणत्या शहरात ठेवले आहे हे सामान्य ग्राहकास सांगितले जात नाही. पण ऐरोली, रबाळे, महापे ह्या बाजूस गेलेल्या कोणासही ह्या नव्या वखारी बाहेरून दिसतील. आपल्या गोडाऊनांशी त्यांचे नाते लांबचे नव्हे.

आता जागा संपते म्हणजे काय होते ते पाहू. हिशेब साधा आहे. गूगलच्या मोफत खात्यात १५ जीबी जागा मिळते. मोबाईलवर काढलेले एक छायाचित्र सरासरी ३ एमबीचे धरले तर त्यांत सुमारे पाच हजार छायाचित्रे मावतील. पाच हजार म्हणजे पुष्कळ, असे वाटते. पण चलच्चित्राचा हिशेब निराळा. चांगल्या प्रतीचे एक मिनिटाचे चित्रण सुमारे शंभर एमबी घेते, म्हणजे तासाभराचे सहा जीबी. आपल्या तालुक्यातील आगरी लग्नांत धवला गाणाऱ्या वृद्ध धवलारिणींची गीते प्रकल्पासाठी ध्वनिचित्रित करावयास कोणी विद्यार्थिनी गेली आणि अडीच तासांचे चित्रण घेऊन आली, तर तिची मोफत वखार त्या एका दुपारीच भरली म्हणून समजावे.

आणि भरली म्हणजे नुसते चित्रण अडते, असे नाही. गूगलकडे ही १५ जीबी जागा जीमेल, ड्राइव्ह आणि फोटोज ह्या तिघांत मिळून आहे. चित्रांनी ती भरली की पत्रे येणेही बंद होते. पाठविणाऱ्याकडे ती परत जातात. शिष्यवृत्तीच्या अर्जात, प्रवेशअर्जात, नोकरीच्या अर्जात आपण तोच पत्ता दिलेला असतो. मुलाखतीचे पत्र परत गेल्याचे आपणांस कोणी कळवीत नाही, कारण कळविण्याचा मार्ग तोच बंद झालेला असतो. म्हणून हा प्रश्न हौसेचा नाही.

ही वेळ आताच का आली, ह्यामागे थोडा इतिहास आहे. १ एप्रिल २००४ रोजी जीमेल सुरू झाले तेव्हा १ जीबी जागा फुकट देऊ केली होती. तारीख पाहून पुष्कळांना ती थट्टाच वाटली. २०१३ साली तिन्ही सेवांची मिळून १५ जीबी झाली. २०१५ साली गूगल फोटोज आले व किंचित कमी प्रतीची छायाचित्रे हवी तितकी विनामूल्य ठेवण्याची मुभा मिळाली. ती १ जून २०२१ पासून बंद झाली. त्या दिवसापूर्वी त्या प्रतीत ठेवलेली चित्रे हिशेबात धरली जात नाहीत. नंतरची सर्व धरली जातात. ॲन्ड्रॉइड फोनवरील व्हॉट्सॲपच्या संभाषणांची जी प्रत गूगलच्या खात्यात ठेवली जाते, तीही पूर्वी हिशेबाबाहेर होती. २०२४ पासून ती धरली जाऊ लागली. दुकानदार आधी माल फुकट चाखावयास देतो आणि सवय लागली की भाव सांगतो, त्यातलाच हा प्रकार. ॲपलने मोफत जागा मुळातच ५ जीबी ठेवली आहे, तेव्हा तेथील ग्राहकास ही वेळ आणखी लवकर येते.

अडचणींचे निदान करताना पहिला प्रश्न असा विचारावा : भरले ते नक्की काय? मोबाईलच्या पोटात जी जागा असते ती एक, आणि खात्यातील वखारीची जागा ती दुसरी. मोबाईल ६४ जीबीचा असतो, तो भरतो, नवे ॲप उतरत नाही. आणि घाबरून मनुष्य वखारीत शंभर जीबी विकत घेतो. मोबाईल मात्र होता तसाच भरलेला राहतो. मग ‘पैसे घेतले आणि जागा दिली नाही’ अशी तक्रार सुरू होते. जागा दिलेली असते, पण ती वखारीत. घर रिकामे करावयाचे तर माल उचलून तेथे नेऊन ठेवावा लागतो व मग घरातील प्रत काढावी लागते. फोटोज ॲपमध्ये त्यासाठी ‘जागा मोकळी करा’ अशी सोय आहे. वखारीत सुखरूप पोहोचलेली चित्रेच ती मोबाईलवरून काढते. ती वापरण्यापूर्वी प्रत खरोखर चढली आहे किंवा नाही, हे दुसऱ्या एखाद्या संगणकावरून त्याच खात्यात जाऊन डोळ्यांनी पाहावे. ह्याउलट नुसते चित्र निवडून ‘काढून टाका’ म्हटले, तर ते बहुधा दोन्हीकडून जाते. ह्या एका फरकाने कित्येकांची वर्षांची छायाचित्रे गेली आहेत. म्हणून विद्यार्थिमित्रांनी हे वाक्य पुन्हा एकदा वाचावे.

दुसरा प्रश्न : पावती कोणाच्या नावाची? माझ्या मते निम्म्या तक्रारींचे मूळ येथे सापडेल. आपल्याकडे मोबाईल क्वचितच एकाचा असतो. तो वडिलांकडून थोरल्या भावाकडे व त्याच्याकडून धाकटीकडे येतो, आणि प्रत्येकाचे जीमेल खाते त्यात तसेच राहून जाते. त्यात दुकानदाराने सिमकार्ड घालून देताना स्वतःच एक खाते उघडून दिलेले असते, ते वेगळेच. खरेदीच्या वेळी प्ले स्टोअरमध्ये जे खाते वरच्या कोपऱ्यात उघडे असेल, त्याच्याच नावावर जागा जमा होते. भरलेले खाते धाकटीचे, पैसे धाकटीच्या यूपीआयमधून गेले, आणि जागा मिळाली भावाच्या खात्याला, जे त्याने दोन वर्षांत उघडलेलेही नाही. येथे गूगलची चूक नाही व बँकेचीही नाही.

ह्याची खात्री करणे सोपे आहे. खरेदीनंतर जीमेलवर पावती येते. ती ज्या पत्त्यावर आली ते खाते खरेदीचे. पावती सापडत नसेल तर मोबाईलवरील प्रत्येक खात्यात जाऊन ‘पेमेंट आणि सदस्यत्वे’ हा भाग उघडून पाहावा. एका खात्याची जागा दुसऱ्या खात्यावर सरळ उचलून देता येत नाही. पण एक आडवाट आहे. गूगल वनच्या सदस्यास एक कुटुंबगट करता येतो, व त्यात आणखी पाच जणांस घेऊन ती जागा वाटून वापरता येते. भावाने धाकटीस गटात घेतले की तिचे काम भागते. अशा वाटपात एकाची छायाचित्रे दुसऱ्यास दिसत नाहीत. जागा तेवढी सामाईक. मुली ह्या एका शंकेपायी गटात यावयास तयार नसतात, म्हणून स्पष्ट सांगितले.

ह्याच कारणास्तव माझा आग्रह असा, की पहिली खरेदी महिन्याची करावी, वर्षाची नव्हे. वर्षाचे एकदम भरल्यास दर थोडा स्वस्त पडतो हे खरे. पण खाते चुकले तर वर्षभराचे पैसे अडकतात. महिनाभर सारे सुरळीत चालले की मग वर्षाचे घ्यावे.

आता पैशांच्या भागाकडे वळू. येथे आपल्या देशाची वाट इतरांहून निराळी आहे, आणि परदेशी लोकांनी दिलेले सल्ले येथे लागू पडत नाहीत. वखारीचे भाडे दरमहा आपोआप जावे अशी विक्रेत्याची इच्छा असते. रिझर्व्ह बँकेने २१ ऑगस्ट २०१९ च्या परिपत्रकाने अशा आवर्ती रकमांना शिस्त लावली. पहिल्या वेळी ग्राहकाने ओटीपीसारखी जादा खात्री दिली पाहिजे. पुढे दर वेळी रक्कम कापण्यापूर्वी किमान २४ तास त्यास सूचना गेली पाहिजे. आणि ठरावीक मर्यादेपलीकडील रकमेस दर वेळी पुन्हा खात्री लागेल. ही मर्यादा आरंभी २,००० रुपये होती, २०२१ च्या आरंभापासून ५,००० झाली व जून २०२२ मध्ये १५,००० करण्यात आली. बँकांची तयारी नसल्याने मुदत वाढत वाढत १ ऑक्टोबर २०२१ वर आली, आणि त्या सुमारास देशभर कित्येकांची आपोआप जाणारी देणी एकाएकी थांबली. २०२२ साली ॲपलने भारतीय कार्डे अशा खरेदीसाठी घेणेच थांबविले व ग्राहकांस यूपीआय, नेट बँकिंग किंवा आधी भरून ठेवलेली शिल्लक हे मार्ग दाखविले. नियम ग्राहकाच्या हिताचा होता ह्याबद्दल माझ्या मनात शंका नाही. विसरलेल्या सदस्यत्वापोटी वर्षानुवर्षे पैसे जात राहण्यापेक्षा एकदा अडलेले बरे.

कार्ड अडण्याची आणखी दोन कारणे आहेत व ती फार थोड्यांस ठाऊक असतात. एक असे, की जानेवारी २०२० च्या रिझर्व्ह बँकेच्या आदेशापासून नवे कार्ड हाती येते तेव्हा ते फक्त देशातील एटीएम व दुकानातील यंत्र ह्यांवरच चालते. ऑनलाइन खरेदीची कळ ग्राहकाने स्वतः बँकेच्या ॲपमधून किंवा शाखेत जाऊन सुरू करावयाची असते. आईचे बचत खात्याचे कार्ड ‘नाकारले’ असे येते, तेव्हा दहापैकी आठ वेळा ती कळ बंद असल्याचे निघेल, असा माझा अंदाज आहे. दुसरे असे, की १ ऑक्टोबर २०२२ पासून विक्रेत्यांस कार्डाचा क्रमांक जपून ठेवता येत नाही; त्याऐवजी एक सांकेतिक टोकन ठेवावे लागते. कार्डाची मुदत संपून नवे आले की जुन्या कार्डावर दिलेली आवर्ती संमती पुढे चालेल, असे गृहीत धरू नये; ती नव्याने द्यावी.

ओटीपीची अडचण मात्र अस्सल भिवंडीची आहे. खाते वडिलांचे, बँकेत नोंदविलेला क्रमांक वडिलांचा, आणि वडील बारा तासांच्या पाळीवर मागावर उभे. यंत्रमागांच्या खडखडाटात मोबाईलची घंटी ऐकू येत नाही. ओटीपी पाच-दहा मिनिटांत बाद होतो. मग मुलगा पुन्हा मागवतो, तिसऱ्यांदा मागवतो, आणि बँक काही काळ व्यवहारच बंद करते. ह्यावर तांत्रिक उपाय शोधू नये. पाळी सुटल्यावर वडिलांच्या शेजारी बसून, ते कशासाठी आहे हे त्यांस सांगून व्यवहार करावा. ओटीपी फोनवरून विचारण्याची सवय घरातच लागली, तर उद्या परका माणूस विचारील तेव्हाही तो दिला जाईल.

यूपीआयचा मार्ग बहुतेक विद्यार्थ्यांस सोपा. जुलै २०२० मध्ये यूपीआयवर आवर्ती देण्यांची ‘ऑटोपे’ सोय निघाली व नोव्हेंबर २०२२ पासून गूगल प्लेच्या सदस्यत्वांसाठी ती वापरता येऊ लागली. पण नेहमीचे पैसे पाठविणे आणि ऑटोपेची संमती देणे ह्या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. चहाचे दहा रुपये ज्या खात्यातून सहज जातात, त्याच खात्याची संमती नाकारली जाऊ शकते, कारण सगळ्याच बँका व सगळीच ॲप ही सोय सारखी देत नाहीत. अशा वेळी दुसऱ्या यूपीआय ॲपवरून किंवा दुसऱ्या बँकेच्या खात्यावरून प्रयत्न करावा. संमती एकदा दिली की ती त्याच ॲपमध्ये ‘ऑटोपे’ ह्या सदरात दिसते. पुढील महिन्यात ठरल्या दिवशी खात्यात शिल्लक नसेल तर हप्ता जात नाही, काही दिवसांची सवलत मिळते, आणि त्यानंतर जागा परत जाते.

सर्वांत अधिक घबराट होते ती पैसे गेले व जागा आली नाही ह्या स्थितीत. अशा वेळी पहिले काम म्हणजे काहीही न करणे. व्यवहार ‘प्रलंबित’ असताना पुन्हा खरेदी केली तर दोनदा पैसे जाण्याचा संभव असतो. मोबाईलचे जाळे अर्ध्यात तुटले, बँकेने पैसे काढले पण विक्रेत्यास पोच मिळाली नाही, असे घडते. रिझर्व्ह बँकेने २० सप्टेंबर २०१९ च्या परिपत्रकाने ह्यासाठी मुदत बांधून दिली. विक्रेत्यास केलेल्या यूपीआय देण्यात किंवा कार्डाच्या ऑनलाइन देण्यात खात्यातून रक्कम गेली पण विक्रेत्यापर्यंत पोच गेली नाही, तर व्यवहाराच्या दिवसानंतर पाच दिवसांत ती आपोआप परत यावयास हवी. त्यापुढे होणाऱ्या प्रत्येक दिवसाच्या विलंबाबद्दल ग्राहकास १०० रुपये भरपाई. ही भरपाई मागावी लागू नये, अशी नियमाची भाषा आहे. १३० रुपयांच्या खरेदीसाठी दिवसाला शंभर रुपये! नियम कळला की मनुष्य बँकेच्या खिडकीपाशी जरा ताठ उभा राहतो.

मात्र आधी पैसे कोठे थांबले हे ओळखले पाहिजे. विक्रेत्याकडे नोंद झाली असेल तर तिला क्रमांक असतो. गूगल प्लेचा क्रमांक ‘जीपीए’ ह्या तीन अक्षरांनी सुरू होतो. तो पावतीत मिळाला तर पैसे पोहोचले, व जागेची विचारणा गूगलच्या ॲपमधील मदतीच्या सदरातून करावी. तसा क्रमांकच नसेल आणि बँकेच्या उताऱ्यात रक्कम गेलेली दिसत असेल, तर प्रश्न बँकेचा. तेथे यूपीआय व्यवहाराचा बारा अंकी संदर्भ क्रमांक द्यावा. बँकेने तीस दिवसांत समाधान केले नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येते, तेही विनामूल्य. विक्रेत्याविरुद्धच्या तक्रारीसाठी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा १९१५ हा क्रमांक आहे. पडद्यावरील संदेशाचे छायाचित्र त्याच वेळी काढून ठेवावे. नंतर ‘काहीतरी लाल अक्षरांत आले होते’ एवढेच आठवते. पैसे पोहोचूनही जागा वाढलेली दिसत नसेल तर काही तास, प्रसंगी एक दिवस थांबावे. हिशेब नव्याने मांडला जाण्यास तेवढा वेळ लागतो. नवे कार्ड जोडताना खात्रीपुरती छोटी रक्कम अडकवून सोडून दिली जाते, तिलाही कोणी दुसरी खरेदी समजू नये.

एक निराळीच अडचण आपल्या गावात वारंवार भेटते, ती आखाताची. घरटी नाही तरी गल्लीगणिक कोणीतरी सौदी अरेबियात, दुबईत, कुवेतमध्ये असतो. तो सुट्टीवर येताना मोबाईल आणतो, आणि त्यात खातेही तिकडचेच असते. त्या खात्याचा प्ले स्टोअरमधील देश सौदी अरेबिया, भाव रियालमध्ये. येथील यूपीआय तेथे दिसतही नाही. लोक म्हणतात, मोबाईल बिघडला. मोबाईल ठीक असतो. दुकान दुसऱ्या देशाचे उघडलेले असते. देश बदलता येतो, पण त्या देशात प्रत्यक्ष असावे लागते, तेथील पैसे देण्याचे साधन जोडावे लागते, आणि एकदा बदलला की वर्षभर पुन्हा बदलता येत नाही. तेव्हा दोन महिन्यांच्या रजेवर आलेल्याने तो बदलू नये. कुटुंबगटासही हीच अट आहे : सर्व सभासदांचा देश एकच हवा. दुबईच्या मुलाने घेतलेली जागा भिवंडीतील आईस वाटून देता येत नाही. तिच्यासाठी येथेच वेगळी घ्यावी. ॲपलच्या खात्याचा देश बदलावयाचा तर आधी चालू सदस्यत्वे रद्द करावी लागतात व शिल्लक संपवावी लागते.

महाविद्यालयाने दिलेल्या खात्याविषयी दोन शब्द. शिक्षणसंस्थांस गूगल एकेकाळी अमर्याद जागा देत असे; २०२२ पासून प्रत्येक संस्थेस मूळची १०० टीबी सामाईक जागा आली. तीन हजार विद्यार्थ्यांचे महाविद्यालय धरले तर वाट्यास जेमतेम तेहतीस जीबी. अशा खात्यावर विद्यार्थ्यास स्वतःच्या पैशाने गूगल वन घेता येत नाही. ‘ह्या खात्यासाठी उपलब्ध नाही’ असा संदेश येतो तो त्यामुळेच. तो पैशांचा दोष नव्हे. महत्त्वाचे म्हणजे ते खाते आपले नसते. शिक्षण संपले की संस्था ते केव्हाही बंद करू शकते. तृतीय वर्षाच्या विद्यार्थ्यांनी परीक्षेपूर्वीच ‘गूगल टेकआउट’ ह्या सोयीने आपले लेख, प्रकल्प व चित्रणे उतरवून घ्यावीत.

ह्या साऱ्या गोंधळाचा लाभ भामटे घेणार हे उघडच आहे. ‘तुमची जागा संपली, आज पैसे न भरल्यास सर्व छायाचित्रे पुसली जातील’ अशी पत्रे येतात. ती ज्याची जागा अर्धीही भरलेली नाही त्यासही येतात. खरी सूचना खात्याच्या आत गेल्यावरही दिसते, म्हणून पत्रातील दुव्यावर न जाता स्वतः ॲप उघडून पाहावे. त्याहून धोक्याचा प्रकार म्हणजे अडचण आली की इंटरनेटवर ‘कस्टमर केअर’चा क्रमांक शोधणे. सापडलेला क्रमांक पुष्कळदा भामट्याचाच असतो. तो मोबाईलचा पडदा पाहू देणारे ॲप घालावयास सांगतो, किंवा परतावा देतो म्हणून यूपीआय पिन मागतो. पैसे घेण्यासाठी पिन कधीही लागत नाही. फसगत झालीच तर १९३० ह्या क्रमांकावर त्याच क्षणी कळवावे व बँकेसही कळवावे. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाने असे ठरवून दिले, की ग्राहकाने स्वतःच्या निष्काळजीपणाने पिन दिला तरी बँकेस कळविल्यानंतर जे नुकसान होईल ते बँकेचे. लाजेपायी दोन दिवस गप्प बसणारा म्हणूनच अधिक बुडतो.

जागा घ्यावीच काय, हा प्रश्न शेवटी आला, खरे तर तो आधी यावयास हवा होता. ‘शुभ सकाळ’ची चित्रे, एकाच बारशाची चाळीस छायाचित्रे, व्हॉट्सॲप गटांतून आपोआप उतरलेली चलच्चित्रे ह्यांसाठी भाडे भरण्यात अर्थ नाही. जीमेलमधील कचरा व स्पॅमसुद्धा हिशेबात धरले जातात. टाकलेली पत्रे तीस दिवस तेथेच पडून असतात. ती टोपली रिकामी केल्याने कधी कधी जीबीभर जागा सुटते. दुसऱ्याने आपणांस दाखविलेली फाइल मात्र त्याच्या हिशेबात असते, आपल्या नव्हे. ती काढून जागा वाढणार नाही.

पण ज्याचे पुन्हा चित्रण होणे नाही, ते नुसत्या भाड्याच्या वखारीवर सोपवू नये. गूगलच्या नियमाप्रमाणे खाते दोन वर्षे मर्यादेबाहेर भरलेले राहिले तर त्यातील माल काढून टाकला जाऊ शकतो. दोन वर्षे वापरलेच नाही तर खातेही. धवला गाणारी ऐंशी वर्षांची बाई उद्या असेलच असे नाही, आणि तिचे गाणे बहुधा कोठे लिहिलेलेही नसते. तिच्या चित्रणाची एक प्रत वखारीत, एक स्वतःच्या हार्ड डिस्कवर आणि एक विभागाच्या कपाटात असावी. २६ जुलै २००५ च्या पुरात ज्यांच्या ट्रंकेतील लग्नाचे आल्बम लगदा झाले त्यांना वखारीचे मोल कळते. भाडे थकून खाते गेलेल्यास हार्ड डिस्कचे.

आणि जागा नको झाल्यास ॲप काढून टाकणे पुरत नाही. सदस्यत्व चालूच राहते व हप्ता जातच राहतो. ते ज्या दुकानातून घेतले तेथेच रद्द करावे लागते. ॲपलच्या फोनवरून घेतले असेल तर ॲपलकडे, गूगल प्लेवरून घेतले असेल तर तेथे. त्यापूर्वी मर्यादेवरचा माल उतरवून घ्यावा, रद्द केल्याची पोच पत्राने आली का ते पाहावे, आणि यूपीआय ॲपच्या ‘ऑटोपे’ सदरातील ती संमतीही रद्द झाली आहे ना, ह्याची पुढील हप्त्याच्या तारखेपूर्वी खात्री करून घ्यावी.